आईला पाव खायला घालायचा प्रोग्रॅम

२२ नोव्हेंबर २००३, शनिवार

घरी पोचलो. मस्कत ते मुंबई विमान, मुंबई ते आळेफाटा एसटी, तिथून मंचर, तिथून अवसरीपर्यंत जीपला लटकून. सगळ्यात जास्त त्रास जीपचा झाला.

ही डायरी कंपनीने दिलीय. पहिल्या पानावर नाव आणि हुद्दा लिहायला रेघा आहेत. नाव: गोरख. हुद्दा: बेकर.

आई बरीच वाळलीय. पण अंगावर पिवळी झाक आलीय, तेज आल्यासारखं वाटतं. दादा म्हणाला, कावीळ हाय ती.

दादाने सगळं सांगितलं. पुण्याच्या मोठ्या दवाखान्यात पोट उघडलं आणि तासाभरात परत शिवून टाकलं. म्हणजे आत विशेष काही सापडलं नाही. डॉक्टर म्हणाले, आता घरी न्या, आवडेल ते खायला घाला. म्हणजे पथ्यसुद्धा काढलं. हे सांगताना दादाला रडू आलं. चांगदेवदादा पहिल्यापासून हळवा.

एकच अडचण, आई खात नाही. दिवसाला चार-पाच चमचे पेज, तीही वहिनी मागे लागली तर.

रात्री जेवताना आईने मला जवळ बोलावलं. म्हणाली, गोरख, चारशे माणसांचा पाव करतोस तू. मला एक करून घाल.

ही बातमी आईला मीच फोनवर दिली होती, दोन वर्षांपूर्वी. तिने ती सगळ्या आळीत पसरवली. गावाला आता तोंडपाठ आहे.

२३ नोव्हेंबर, रविवार, सकाळ

प्रोग्रॅम ठरला. आईला ओटचा गोड पाव करून घालायचा. सुट्टी २१ डिसेंबरपर्यंत. पाव परवापर्यंत होईल. उरलेल्या दिवसांत आईच्या अंगावर मांस चढवायचं आणि मंचरला बेकरीसाठी गाळा बघायचा.

येताना ओटचे दोन मोठे डबे आणि तिकडचा खजूर आणलाय. वहिनी डब्यात हात घालून म्हणाली, भावजी, हे भुसकट विमानातनं आणलं का? तिला मी ओटची माहिती दिली. साहेब लोक सकाळी कॉफीबरोबर ओटचाच पाव खातात. यीस्ट नको, मळणं नको. ताकात सोडा टाकायचा, कालवायचं, टिनात ओतायचं, तासात पाव.

इथे खरं लिहायला हरकत नाही, ही वही कोण वाचणार. तिकडे कंपनीच्या कामगार-कॅम्पच्या किचनमध्ये माझं सेक्शन टिनांचं आहे. चाळीस टिनं, दिवसातून तीनदा घासायची, पुसायची, तेलाचा हात फिरवून जोसेफला द्यायची. पाव जोसेफ करतो. पण टिन साफ नसेल तर पाव सुटतच नाही. मग पाव खरा कोणाचा? विचार करण्यासारखी गोष्ट आहे. शिवाय दोन वर्षं मी सिंकपासून सगळं बघितलंय. फक्त जोसेफची पाठ मध्ये यायची.

प्रमाण एका पुठ्ठ्यावर लिहून आणलंय. चाळीस टिनांना मैदा वीस किलो, ओट आठ किलो, साखर आठ किलो, ताक एक बादली, पिवळ्या खोक्यातलं पातळ सहा खोकी, सोडा दोन मुठी.

आता सगळ्याला चाळीसने भागायचं. सातवीपर्यंत शिक्षण झालेल्या माणसाला हे काहीच नाही. मैदा अर्धा किलो. ओट आणि साखर पाव-पाव किलोला कमी. मुठीला मात्र चाळीसने भागता येत नाही, तिथे अंदाज. पिवळं पातळ इकडे मिळत नाही, पण तो बहुतेक रंग असणार. हळदीने भागेल.

२५ नोव्हेंबर, मंगळवार

पहिला प्रयोग. कुकरमध्ये वाळू, वाळूवर ताटली, ताटलीवर डबा. शिट्टी काढून ठेवली. गॅस पूर्ण मोठा. जोसेफचा ओव्हन चालू असतो तेव्हा जवळ उभं राहवत नाही, त्यावरून मी हा अंदाज बांधला.

चाळीस मिनिटांनी उघडलं. वरून कोळसा, आत खीर. हळदीमुळे खिरीला रंग चांगला आला.

वहिनी म्हणाली, भावजी, हे चमच्यानं खायचं का कोयत्यानं?

मी लक्ष दिलं नाही. पहिला प्रयोग मशीन ओळखण्यासाठी असतो.

आईने पलंगावरून विचारलं, झाला का पाव? मी म्हणालो, उद्या.

२७ नोव्हेंबर, गुरुवार

गॅस बारीक, वेळ दोन तास. या वेळी आत-बाहेर एकसारखा झाला. दादाने तो हातात घेऊन पलंगाच्या पायावर वाजवला. घणघण आवाज आला. पलंग लाकडाचा आहे, तरी आवाज पावाचाच.

दोष मैद्याचा. तिकडचा मैदा कॅनडाहून येतो.

आई आज दोन चमच्यांवर आली. दादाने तिला एका हाताने उचलून उन्हात ठेवलं. दादाची ताकद वाढलीय. शेतात काम केलं की असं होतं.

२९ नोव्हेंबर, शनिवार

कुकर हे पावाचं यंत्रच नव्हे, हे माझ्या उशिरा लक्षात आलं. पावाला भट्टी लागते. मंचरला जयवंतची बेकरी आहे. दिवाळीत आमच्याकडच्या बाया रवा, तूप, साखर घेऊन त्याच्या भट्टीवर नानकटाई भाजून आणतात. तसंच कालवलेलं पीठ किटलीत घेऊन गेलो.

जयवंत तीस वर्षं भट्टीपुढे आहे. गावोगाव एम-एटी गाडीवर पाव, खारी, टोस्ट टाकतो, अवसरीलाही एक दिवसाआड येतो. मला बघून म्हणाला, या पावणं, साळुबाईचा पोरगा ना तू? चारशे माणसांचा पाव करणारा? तिकडं भट्टी केवढी हाय?

मी म्हणालो, भट्टी नाय, ओव्हन.

म्हणाला, किती डिग्री ठेवता?

मी म्हणालो, फुल.

त्याने मला एक टिन दिलं. टिन कळकट होतं. माझ्याने बघवेना. मी राख घेऊन ते घासलं, धुतलं, पुसलं, कोपऱ्यात बोट घालून तेल फिरवलं. हात आपोआप चालतात. जयवंत काम सोडून बघत राहिला. मग म्हणाला, राव, टिन लई झ्याक घासतोस तू. माझ्या तीस वर्षांत असं कुणी घासलं न्हाई.

मला ते बोलणं आवडलं नाही.

पाव भट्टीत गेला तसाच बाहेर आला, फक्त गरम होऊन. जयवंतने मोडून बघितला. बाजरीच्या भाकरीचा मोठा भाऊ. म्हणाला, ओटला चिकी नसते. ह्याला धरून ठेवणारं काय घातलंस? मी पिवळ्या खोक्याबद्दल सांगितलं. तो इतका हसला की भट्टीवरचा कामगार बाहेर आला. म्हणाला, अंडं हाय ते! फोडून खोक्यात भरलेलं अंडं! दोन वर्षं काय बघत व्हतास रं तिथं?

मग हळूच म्हणाला, पण माझ्या भट्टीत अंडं चालायचं न्हाई हां. निम्मं गिऱ्हाईक माळकरी हाय. तुझी आईबी माळकरीच ना?

३० नोव्हेंबर, रविवार

आई माळकरी आहे. मी तिसरीत होतो तेव्हापासून तिच्या गळ्यात तुळशीची माळ आहे. तेव्हापासून घरात अंड्याचं टरफलसुद्धा आलेलं नाही. दादा मंचरच्या स्टँडवर आम्लेट खातो आणि घरात शिरण्याआधी हौदावर चुळा भरून बडीशेप चावतो. आईला कळतं. ती म्हणते, त्याचं त्याच्यापाशी, माझं माझ्यापाशी.

तेव्हा ठराव: अंड्याचा विषय बंद. बिनअंड्याचाच पाव करणार. जोसेफलासुद्धा जमलं नाही ते मी करणार. पुढे बेकरी काढली की पाटीवर तेच लिहायचं. "गोरख बेकरी, शुद्ध शाकाहारी ओट पाव." नारायणगाव, जुन्नर, ओतूर, सगळीकडे माल जाईल.

संध्याकाळी गेणभाऊ आले. आईच्या गळ्यात माळ घालताना मध्यस्थ तेच होते. रोज तासभर आईपाशी बसतात, हळू आवाजात हरिपाठ म्हणतात. आई ओठ हलवते.

२ डिसेंबर, मंगळवार

प्रयोग चार: केळं कुस्करून. ओला चिखल.
प्रयोग पाच: डिंक. वहिनीने बाळंतपणाचा ठेवलेला डिंक होता. पाव चांगला चिकटला. डब्याला.
प्रयोग सहा: सोडा तिप्पट. फुगला! अर्धा तास फुगलेला होता, मग बसला. चव साबणाची. म्हशीपुढे टाकला, तिने तोंड फिरवलं.

ओटचा एक डबा संपला.

आई म्हणाली, झाला का रं? मी म्हणालो, आज मटेरियल चुकलं, उद्या. आई म्हणाली, उद्या कर, पण लवकर कर. तिला घाई कसली आहे कळत नाही. माझी सुट्टी अजून एकोणीस दिवस आहे.

४ डिसेंबर, गुरुवार. एकादशी

आई काहीच खात नाही, तरी वहिनीने पेज आणल्यावर म्हणाली, आज माझा उपास हाय. वहिनी वाटी घेऊन आत गेली आणि चुलीपाशी बसून राहिली.

डॉक्टरांना फोन करावा असं मी म्हणालो. दादा म्हणाला, कशाला? मी म्हणालो, टॉनिक विचारू. दादाने माझ्याकडे खूप वेळ बघितलं. म्हणाला, गोरख, तुला कळलंय ना त्यांनी काय सांगितलं ते?

मी म्हणालो, कळलंय की. आवडेल ते खायला घाला.

५ डिसेंबर, शुक्रवार

मुद्देसूद विचार केला. लिहून ठेवतो.

एक. अंडं फोडून कालवल्यावर ते दिसत नाही.
दोन. भट्टीत भाजल्यावर त्याचं अंडंपण जळून जातं. सरपण जळाल्यावर त्याला कोणी लाकूड म्हणत नाही.
तीन. पोल्ट्रीची अंडी गाभण नसतात, त्यात जीव नसतो. हे पेपरात आलेलं आहे.
चार. डॉक्टर म्हणाले, काहीही घाला. डॉक्टर शिकलेले असतात.
पाच. पाप लागलंच तर करणाऱ्याला लागेल, खाणाऱ्याला कसं लागेल? करणारा मी. मी माळकरी नाही.

पाचही मुद्द्यांत चूक सापडत नाही.

गावात जिकडेतिकडे पोल्ट्रीची शेडं, पण तिथे सगळे ओळखीचे. म्हणून सायकलवर मंचरला गेलो आणि तीन अंडी आणली. वहिनी आणि दादा कांद्याच्या लागणीला गेले होते. गोठ्यामागे गोडेतेलाचा पत्र्याचा डबा आडवा ठेवला, खाली निखारे, वर निखारे, मध्ये टिन. टरफलं उकिरड्यात खोल पुरली.

पन्नास मिनिटांनी डबा उघडला.

फुगला. वर चीर पडलेली, कडा सोनेरी, खजूर मध्ये मध्ये दिसतोय. जोसेफचा असतो तसा. मी तिथेच शेणात बसलो. टिन उलटं केलं आणि पाव एका झटक्यात सुटून हातावर आला.

मी बेकर आहे.

६ डिसेंबर, शनिवार

आजचा दिवस मोठ्या अक्षरात लिहायला पाहिजे.

सकाळी पावाचा काप दुधात भिजवून आईपुढे नेला. आईने वास घेतला. म्हणाली, गोड वास येतोय रं. मग वाटी धरून थांबली. म्हणाली, ह्यात वशाट काय न्हाई ना?

मी म्हणालो, नाय.

आई म्हणाली, तू केलंस म्हंजी नसंलच. उगं विचारलं.

एक घास खाल्ला. डोळे मिटून चघळत राहिली. दुसरा खाल्ला. वहिनी दारात उभी होती, तिने पदर तोंडाला लावला. आणि मग आईने स्वतः वाटी पुढे केली आणि म्हणाली, आणिक दे.

तिसरा घास तिने मागून घेतला!! गेल्या दीड महिन्यात तिने काही मागितलं नव्हतं, असं दादा म्हणाला. दादाने देवापुढे नारळ फोडला. माझ्या पाठीवर हात ठेवला. असा हात त्याने वडील गेले तेव्हा ठेवला होता, त्यानंतर आजच.

आई गेणभाऊंना म्हणाली, माझ्या गोरखनं केला. आता कुणी बी काय म्हणू द्या.

म्हणजे लोक काहीतरी म्हणत होते.

टार्गेट: उद्या पाच घास. परवा दहा. पंधरा तारखेपर्यंत आई चालती.

७ डिसेंबर, रविवार

आज दीड घास. थोडं उलटून पडलं. पोटाला सवय नाही अजून.

दुपारी पावाचा तुकडा फडक्यात बांधून मंचरला जयवंतकडे गेलो. न जाणं बरोबर दिसलं नसतं. तो हसला होता, कामगारासमोर. तुकडा त्याच्या हातावर ठेवला. त्याने खाल्ला, मान हलवली. म्हणाला, आता जमलं राव. दोन अंडी का तीन? मी म्हणालो, तीन. तो म्हणाला, मग बरोबर.

कुणासाठी केला ते त्याने विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. तो मला चहा पाजून म्हणाला, भट्टीवर यायचं असंल तर ये, माणूस पायजेच मला. टिनांना नव्हं, पिठाला.

आयुष्यातला सगळ्यात चांगला चहा.

८ डिसेंबर, सोमवार

जयवंत सकाळी पाव टाकायला लाइनवर आला. आई आजारी आहे हे गावात कळलं म्हणून भेटायला घरात आला, टोस्टचा पुडा घेऊन. चांगला माणूस आहे. त्याच्या मनात काही नव्हतं.

आईपाशी बसून म्हणाला, मावशी, तुमचा पोरगा आता तयार झाला बरं का. मागं आला तवा पावाचा दगड झाला व्हता. मीच म्हणलं, अंडं घातल्याबिगर व्हायचा न्हाई. काल तीन अंडी घालून काय पाव आणलाय राव! कापूस!

आई म्हणाली, कुठला पाव?

तेवढ्यात त्याची नजर आईच्या उशाशी गेली. तिथे वाटीत उरलेला तुकडा होता, दुधात. त्याने तो ओळखला. उठून उभा राहिला, म्हणाला, न्हाई, तसं न्हाई, तो दुसरा असंल. चप्पल घालताना त्याचा एक पाय चुकला.

आईने वहिनीकडे गरम पाणी मागितलं. चूळ भरली. परत मागितलं. सात-आठ वेळा भरली असेल. मी मोजत नव्हतो.

गरम पाणी घशाला चांगलंच असतं.

९ डिसेंबर, मंगळवार

दादा माझ्याशी बोलत नाही. मारलं असतं तर बरं झालं असतं, असं एकदा वाटलं.

संध्याकाळी गेणभाऊ आले तेव्हा आई त्यांना म्हणाली, भाऊ, माझी माळ काढा.

गेणभाऊ म्हणाले, अगं, तुला ठावं नव्हतं. नकळत झालेलं देव धरत न्हाई. उपास धर, नाव घे, माळ तशीच ऱ्हाऊ दे.

आई म्हणाली, नकळत दोन घास खाल्ले. तिसरा मी मागून घेतला भाऊ. ग्वाड लागला म्हणून.

गेणभाऊ पुढे सरकले. त्यांनी माळेची गाठ सोडली, माळ देवापुढे ठेवली. तिच्या गळ्याभोवती फिकट पट्टा राहिलाय, सतरा वर्षं ऊन न लागलेला.

माळ तिला तशीही टोचत असणार. गळ्याची हाडं वर आलीत.

आणि ग्वाड लागला, हे ती स्वतः म्हणाली. सगळ्यांसमोर. हे कोणी लक्षात घेत नाही.

११ डिसेंबर, गुरुवार

आई पाण्यावर आहे. पेजही नाही. वहिनी मला आता भावजी म्हणत नाही, नुसतं, जेवायला वाढलंय, असं म्हणते, भिंतीकडे बघून.

नवा प्रोग्रॅम. बिनअंड्याचा पाव करायचा, खरोखरचा. सगळ्यांसमोर, अंगणात, लपवाछपवी नाही. आईने तो खाल्ला की गेणभाऊ माळ परत घालतील. एकदा चुकलेलं दुसऱ्यांदा बरोबर करता येतं. किचनमध्ये रोज होतं तसं.

ओट दोन वाट्या उरलेत.

१२ डिसेंबर, शुक्रवार

अंगणात चूल मांडली. आळीतल्या बायका येऊन बघून जात होत्या. मी प्रत्येक वस्तू हातात वर धरून दाखवत होतो. हा मैदा. हे ओट. हा गूळ. हे ताक, घरच्या म्हशीचं. भिजवलेलं जवस वाटून घातलं, ते थोडं धरतं. पाव फुगला नाही, पण मोडलाही नाही. चपटा, तांबूस. आतून शिजलेला. खाता येतो. मी खाऊन बघितला. प्रामाणिकपणे सांगायचं तर बरा होता. इतक्या दिवसांत पहिल्यांदा मी केलेलं काहीतरी बरं होतं.

वाटीत दूध घेऊन, कुस्करून आईपाशी नेला. आईचे डोळे मिटलेले होते. मी हाक मारली. तिने उघडले. मी म्हणालो, आई, ह्यात अंडं नाय. सगळ्यांनी बघितलंय. तुझ्या गळ्याची शपथ.

तिने माझ्या तोंडाकडे बघितलं. रागाने नाही. म्हणाली, तू तवा बी न्हाईच म्हणला व्हतास, बाळा.

आणि तोंड फिरवलं.

वहिनी म्हणाली, आत्याबाई, खरंच न्हाई हो, मी बघितलंय. आईने डोळे उघडले नाहीत. भूक नसेल.

वाटी तिथेच राहिली. त्यावर साय धरली.

१४ डिसेंबर, रविवार

सकाळी साडेसातला आई गेली.

गेणभाऊंनी तोंडात तुळशीचं पान ठेवलं. बायकांनी आंघोळ घातली, नवं लुगडं नेसवलं. मग एकीने विचारलं, माळ कुठंय? तिला माळंबिगर न्यायची का?

सगळे थांबले. माळ देवापुढेच होती. गेणभाऊ म्हणाले, तिनं आपल्या तोंडानं उतरवली. तिनं सांगितल्याबिगर मी घालू कशी? मग दादाकडे आणि माझ्याकडे बघून म्हणाले, शेवटी कुणाला काय बोलली व्हती का? माळ परत घाला, असं काय?

एका शब्दाचं काम होतं. काल रात्री मीच आईपाशी बसलो होतो. मी सांगू शकत होतो की ती म्हणाली, माळ घाला. कोणाचं काही बिघडलं नसतं. इतक्या वर्षांत इतकं खोटं बोललो, त्यात हे एक.

मी म्हणालो, व्हय, मला म्हणाली ती.

दादा म्हणाला, तू गप.

मोठ्याने नाही म्हणाला. पण सगळ्यांना ऐकू गेलं. गेणभाऊंनी मान खाली घातली. कोणी मला परत काही विचारलं नाही.

आईला तशीच नेली. मोकळ्या गळ्याने.

१८ डिसेंबर, गुरुवार

लोक भेटायला येतात. सगळे तेच विचारतात. शेवटी काय खाल्लं का? वहिनी सांगते, काय न्हाई, शेवटचं आठ दिवस पाण्यावर व्हत्या.

मंचरला गाळा बघितला नाही. जयवंतकडेही गेलो नाही.

आज पिंपरी पेंढारची मावशी आली. आईची थोरली बहीण, गुडघे गेलेत, दिसतही कमी. अंत्ययात्रेला येता आलं नव्हतं. आज तिला रिक्षात घालून आणलं. आईच्या पलंगाच्या जागी जमिनीवर बसली, हाताने फरशी चाचपत राहिली. खूप वेळ रडली. मग डोळे पुसून म्हणाली, जाऊ द्या. भोगलं बाईनं. पर गळ्यात माळ घिऊन गेली, तेवढं बरं झालं. लई जपली तिनं माळ. मी म्हणायची, साळू, एवढं कडक नगं करूस.

वहिनी चहा ठेवायला उठून आत गेली.

मावशीने माझा हात धरला. म्हणाली, व्हय ना रं, गोरख? व्हती ना गळ्यात?

मी दादाकडे बघितलं. तो उंबऱ्यात बसला होता, पायाच्या नखाने माती कोरत.

मी म्हणालो, व्हय मावशी. व्हती.

दादा काही बोलला नाही.